मावसबहीण अहिराणी व्हिडिओत काम करते, आता राजकारणावर बोलायला लागलीये, घरात रोज वाद

तापीकाठ_शिरपूर

नमस्कार मंडळी, विषय घरचा आहे म्हणून नाव-गाव सांगत नाही, शिरपूर तालुका एवढं पुरे. माझी मावसबहीण काही वर्षांपासून अहिराणी कॉमेडी व्हिडिओ आणि गाण्यांमध्ये काम करते, खाष्ट सासू, भांडखोर शेजारीण असले रोल. चॅनल तिचं नाही, शूटिंगच्या दिवसाचे पैसे मिळतात, आणि गणपती-नवरात्रात, जत्रेत कार्यक्रमाला बोलावतात ती कमाई वेगळी. बस स्टँडवर बाया सेल्फी मागतात एवढी ओळख आहे.

२०२५-२६ च्या हंगामात कापूस घरात आला तेव्हा तिने स्वतःच्या मोबाईलवर एक व्हिडिओ टाकला, मावशीच्या ओट्यावर कापसाच्या ढिगावर बसून. लांब धाग्याचा हमीभाव तेव्हा कागदावर क्विंटलला ८११०, आणि गावात गाडी घेऊन येणारा व्यापारी ओला आहे, कवडी आहे म्हणत म्हणत भाव कुठे नेऊन ठेवतो, सीसीआयला (सरकारी कापूस महामंडळाला) द्यायचा तर आधी ॲपवर नोंदणी आणि त्यात सातबाऱ्यावरच्या नावाचा घोळ, हे सगळं तिच्या त्या सासूच्या आवाजात. लय चालला. आमच्या वाडीतल्या प्रत्येक ग्रुपवर आला मला परत परत.

त्याच्यानंतर रोज एक व्हिडिओ सुरू झालाय आणि आता त्यात कापूस कमी, अमका नेता तमका नेताच जास्त. मागच्या महिन्यात एका पक्षाच्या जिल्ह्याच्या पदाधिकाऱ्याचा फोन आला, महिन्याला ठरलेली रक्कम देऊ, विषय आम्ही पाठवू, तू फक्त तुझ्या स्टाईलमध्ये बोलायचं. पक्ष कोणता ते सांगत नाही, सांगितलं तर इथे लगेच दोन पार्ट्या पडतील. मावशी रडते, काका म्हणतात अशाने स्थळ येणार नाही, आणि ही म्हणते कंगना खासदार झाली, मग मीच काय घोडं मारलंय.

मला विचारायचंय ते हे की कलाकार माणूस असं बोलायला लागला की पुढे होतं काय, काम बंद होतं का, पोलीस केसची भीती कितपत खरी, आणि हे महिन्याचे पैसे घ्यावे का नाही. ज्यांना माहीत आहे त्यांनी सांगा, भाषणं नको.

काळा_मसाला

सरळ सांगतो भो, कलाकाराने कला करावी. लोक हसायला येतात तिच्याकडे, डोकं पिकवायला टीव्हीवाले आहेत की रात्री नऊला. एका पक्षाचं बोलली की दुसऱ्या पक्षाचं गाव तुटलं. संपला विषय.

केळीबाग_रावेर

काळा मसाला भाऊ, संपला कसा? तिचे नवरात्राचे कार्यक्रम कोणाच्या पैशावर होतात ते विचारा आधी. बॅनरवर देवी एवढीशी आणि भावी नगरसेवकाचा फोटो दरवाज्याएवढा, दहीहंडीचं तेच, स्टेजवर नेत्याचा सत्कार झाल्याशिवाय गाणं सुरू होत नाही. म्हणजे त्याच्या स्टेजवर नाचली तर कला आणि स्वतःच्या ओट्यावर बसून भाव विचारला तर राजकारण, असं काय ते? आपल्याकडचा कलाकार राजकारणाच्या बाहेर कधी होताच कुठे. फरक एवढाच की आतापर्यंत तोंड बंद ठेवायचे पैसे मिळत होते.

पण ताईला सांगा कंगनाचं उदाहरण अर्धंच घेऊ नको. तिचं राजकारणावरचं बोलणं देशभर गाजायला लागलं तेव्हा तिच्या नावावर तीन राष्ट्रीय पुरस्कार आधीच होते (चौथा २०२१ ला जाहीर झाला). २०२० च्या सप्टेंबरमध्ये तिने मुंबईला पाकव्याप्त काश्मीरची उपमा दिली, ९ सप्टेंबरला पाली हिलच्या तिच्या ऑफिसवर महापालिकेचा जेसीबी गेला आणि नोव्हेंबरात हायकोर्टाने ती कारवाईच बेकायदा ठरवली, म्हणजे तिथे कोर्टात ती जिंकली हे पण मान्य करायला पाहिजे. मग मे २०२१ ला ट्विटरने अकाउंट बंद केलं, ते थेट २०२३ ला परत मिळालं. २०२१ च्याच नोव्हेंबरात ४७ साली मिळाली ती भीक, खरं स्वातंत्र्य २०१४ ला, असं म्हणाली, त्याच्यावर गदारोळ.

शेतकरी आंदोलनातल्या एका म्हातारीबद्दल शंभर रुपयात येतात असं ट्विट केलं होतं २०२० ला, त्याची बदनामीची केस पंजाबात. आणि गंमत बघा, जून २०२४ ला मंडीतून ७४ हजारांच्या वर लीड घेऊन निवडून आली, निकाल ४ तारखेला आणि ६ तारखेला चंदीगड विमानतळावर सीआयएसएफच्या महिला शिपायाने तिच्या थोबाडीत मारली, कारण काय तर साडेतीन वर्षांपूर्वीचं तेच आंदोलनावरचं बोलणं. मारणं चूकच, त्या बाईला लगेच सस्पेंड केलं. पण बोललेलं कुठे जात नाही हे समजून घ्या.

अजून एक. खासदार झाल्यावर सप्टेंबर २०२४ ला म्हणाली तिन्ही कृषी कायदे परत आणा, तर तिच्याच पक्षाने सांगितलं हे तिचं वैयक्तिक मत, पक्षाच्या वतीने बोलायचा तिला अधिकार नाही, आणि तिला शब्द मागे घ्यायला लागले. एवढ्या मोठ्या नटीला असं, मग जिल्ह्याच्या पदाधिकाऱ्याने ठेवलेल्या मुलीला कोण विचारतं.

काळा_मसाला

बरं बरं. ती निवडून तर आली ना पण. ऊर्मिला मातोंडकर २०१९ ला मार्चमध्ये काँग्रेसमध्ये गेली, उत्तर मुंबईत साडेचार लाखांच्या वर मतांनी पडली, सप्टेंबरात राजीनामा, पुढच्या वर्षी डिसेंबरात शिवसेनेत. सगळ्यांचं मंडी होत नाही एवढंच म्हणतोय मी.

कॅमेऱ्यामागे

मी मूळची यावल तालुक्यातली, आता पुण्यात व्हिडिओ एडिटिंगचं काम करते, त्यामुळे हा विषय जवळचा आहे. दादा, तुमच्या बहिणीला कंगनापेक्षा स्टेसी डॅशची गोष्ट सांगा. आपल्याकडे कोणाला फारशी माहीत नाही पण हुबेहूब हाच मामला आहे, म्हणून जरा लांबड लावते, वाचा.

अमेरिकेतली कृष्णवर्णीय नटी. १९९५ च्या 'क्लूलेस' पिक्चरमध्ये हिरोइनची मैत्रीण डिऑन, तो रोल एवढा गाजला की पुढे त्याची टीव्ही सिरीयल निघाली त्यात पण तीच. नंतर छोटी मोठी कामं, काही फार मोठं नाही. २००८ ला तिने ओबामाला मत दिलं होतं. ऑक्टोबर २०१२ ला तिने ट्विट केलं, रॉम्नीला मत द्या, म्हणजे ओबामासमोर उभ्या रिपब्लिकन पक्षाच्या उमेदवाराला. बस, एवढंच. त्याच्यावर तिला जे काही ऐकवलं गेलं ते इथे लिहिण्यासारखं नाही, रंगावरून, बाई म्हणून, समाजाशी गद्दारी म्हणून. आणि दुसऱ्या बाजूने लगेच पायघड्या, रॉम्नीबरोबर उपाध्यक्षपदाला उभा असलेला पॉल रायन याने स्वतः फोन करून आभार मानले. आता विचार करा, इकडून शिव्या आणि तिकडून असा फोन, माणूस कुठे सरकणार? मत आधी थोडंच होतं, त्याला पक्कं केलं ते दोन्ही बाजूच्या लोकांनी.

२०१४ च्या मे महिन्यात फॉक्स न्यूजने, म्हणजे रिपब्लिकन बाजूच्या टीव्ही चॅनलने, तिला पगारी भाष्यकार म्हणून घेतलं. इथे नीट बघा, तिच्याकडे परराष्ट्र धोरणाचा किंवा बजेटचा अभ्यास होता म्हणून नाही घेतलं. त्या चॅनलच्या प्रेक्षकाला जे ऐकायला आवडतं तेच एक ओळखीचा चेहरा, त्यात कृष्णवर्णीय बाई बोलते, याची किंमत होती. म्हणजे तिचं काम नटीचंच राहिलं, नुसती स्क्रिप्ट बदलली. आणि अशा खुर्चीवर बसलेल्या माणसाला कालच्यापेक्षा आज तिखट बोलायला लागतं, नाहीतर उद्या बोलावणं येत नाही. डिसेंबर २०१५ ला लाईव्ह कार्यक्रमात ओबामाच्या दहशतवादावरच्या भाषणाबद्दल बोलता बोलता शिवी गेली तोंडातून, दोन आठवडे सस्पेंड.

जानेवारी २०१६ ला ऑस्करचा वाद चालू होता, सलग दुसऱ्या वर्षी अभिनयाची वीसच्या वीस नामांकनं गोऱ्यांना म्हणून. ही म्हणाली की मग कृष्णवर्णीयांचं वेगळं बीईटी चॅनल कशाला आणि त्यांच्या इतिहासाचा वेगळा महिना तरी कशाला, सगळं बंद करा. बीईटीने ट्विटरवर विचारलं, मग आमचा चेक परत मिळेल का, कारण त्यांच्या सिरीयलमध्ये तिने काम केलं होतं. महिन्याभराने ऑस्करच्या स्टेजवर सूत्रसंचालक ख्रिस रॉकने तिला गंमत म्हणून बोलावलं, ती आली, एक वाक्य बोलली, आणि सभागृहात कोणी हसलंच नाही. ती क्लिप बघवत नाही. मी नट लोकांबरोबर रोज काम करते, हशा यायला पाहिजे तिथे शांतता आली की चेहऱ्याचं काय होतं ते मला माहीत आहे.

आणि खरी मजा पुढे. नोव्हेंबर २०१६ ला ट्रम्प निवडून आला, म्हणजे तिचीच बाजू जिंकली, आणि जानेवारी २०१७ ला बातमी आली की फॉक्सने तिचा करार पुढे चालू ठेवला नाही. २०१८ ला फेब्रुवारीत तिने कॅलिफोर्नियातून काँग्रेसच्या, म्हणजे तिथल्या संसदेच्या, निवडणुकीला उभं राहायचं ठरवलं, तो मतदारसंघ तिच्या पक्षाला अजिबात न मानणारा, एक महिना झाला आणि मार्च संपायच्या आत नाव मागे घेतलं. मार्च २०२१ ला तिने टीव्हीवर येऊन जाहीर माफी मागितली, सगळं रागात बोलत गेले म्हणाली. पण तोपर्यंत जुने लोक गेलेले आणि नवे तर तिचे कधी नव्हतेच.

माझं म्हणणं असं नाही की तिने बोलू नये. कापसाचा व्हिडिओ मी पण बघितला असेल कदाचित, असे दोन-तीन फिरत होते, त्यात कोणी शिकवलेलं वाटत नव्हतं. फोन करणाऱ्याला तो कापूस नकोय, त्याला तो सासूचा आवाज पाहिजे. आवाज भाड्याने देताना निदान हे माहीत असावं की भाडेकरू काय ठेवणार आहे त्या घरात.

केळीबाग_रावेर

ताई जबरदस्त लिहिलं. फक्त एक, न बोलून पण सुटका नाही. दीपिका पदुकोण जानेवारी २०२० ला दिल्लीच्या जेएनयू विद्यापीठात मार खाल्लेल्या विद्यार्थ्यांच्या आंदोलनात गेली, एक शब्द बोलली नाही, नुसती उभी राहिली, तरी पिक्चरवर बहिष्कार टाका म्हणून दोन दिवस ट्रेंड.

कोर्ट_गल्ली_धुळे

पोलीस केसचं विचारलंय म्हणून लिहितो. आयटी कायद्याचं ६६ अ लागेल म्हणून जे घाबरवतात त्यांच्याकडे दुर्लक्ष करा, ते कलम सुप्रीम कोर्टाने २४ मार्च २०१५ ला रद्दच केलंय. तो विषय सुरू कुठून झाला तर २०१२ ला पालघरच्या दोन पोरींवरून, एकीने मुंबई बंदवर फेसबुकला लिहिलं आणि दुसरीने ते नुसतं लाईक केलं, दोघींना अटक.

पण कलम गेलं म्हणून केस जात नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आहे, त्यात बदनामी ३५६, दोन गटात तेढ १९६, अफवा-खोटी माहिती ३५३. नटी केतकी चितळेचं सगळ्यांना आठवत असेल, मे २०२२, शरद पवारांवरची कविता, ती पण दुसऱ्याची, हिने फक्त शेअर केली, ठाणे पोलिसांनी अटक केली, राज्यात ठिकठिकाणी गुन्हे दाखल झाले आणि बाहेर यायला साधारण ४० दिवस गेले. ती कविता चांगली का वाईट हा विषयच नाही. शेवटी कोर्टात काय होईल ते होईल, पण आधी या ठाण्यातून त्या ठाण्यात फिरणं, वकिलाची फी, तारखा, हे तर गरीब घरच्या पोरीला झेपणारं नाही.

आता मुद्द्याचं. स्क्रिप्ट पाठवणाऱ्याचं नाव कुठेच येणार नाही, एफआयआरमध्ये पहिलं नाव चेहरा दिसतो त्याचं. म्हणून पैसे घ्यायचेच असतील तर कागद करा, कोणी दिले, कशाचे दिले, मजकूर कोणाचा, केस झाली तर वकिलाचा खर्च कोण करणार. रोख घेऊ नका. आणि व्हॉट्सॲपवर आलेली स्क्रिप्ट डिलीट करू नका, व्हॉइस मेसेज तर अजिबात नाही.

दुसरं, निवडणूक लागली की सोशल मीडियावरच्या पक्षाच्या जाहिराती निवडणूक आयोगाच्या समितीकडून आधी मंजूर करून घ्यायला लागतात आणि खर्च हिशेबात दाखवायला लागतो, २०१३ पासून आयोगाचा तसा आदेश आहे. ते टाळायलाच हे असे घरगुती दिसणारे व्हिडिओ पाहिजे असतात, मैत्रीखातर टाकला म्हणून. भावावर, पाण्यावर, रस्त्यावर बोलायचं तर पावती, जीआर, बातमीचं कात्रण हाताशी ठेवून बोलावं. माणसाच्या जातीवर, बायकोवर, आजारावर अजिबात नाही, मग तो कितीही नालायक असो.

बहादरपूर_नाका

इथे एवढे पुरुष आयडी दिसतात, एकाने तरी विचारलं का की कॉमेंटमध्ये काय येतं तिला? मी पारोळ्याकडची, शिक्षिका आहे, पाणीटंचाईवर एकदाच एक पोस्ट टाकली होती तर टँकर राहिला बाजूला आणि माझ्या नवऱ्याला फोन. आमच्याकडे चौकात बसून दिवसभर मुख्यमंत्र्यापासून सरपंचापर्यंत सगळ्यांना शिव्या घालणारी पोरं आहेत, त्यांच्या आईला कोणी रडवत नाही आणि त्यांच्या स्थळाचं पण काही अडत नाही.

काकांना सांगा स्थळ व्हिडिओने मोडत नसतं, ते हुंड्याने मोडतं. बाकी दादा, कॉमेंटमध्ये शब्द ब्लॉक करायची सोय असते ती आजच चालू करून द्या, अहिराणी शिव्या पण टाका त्या यादीत, यंत्राला त्या येत नाहीत. घाण मेसेज आला की लिंकसकट स्क्रीनशॉट, नुसता फोटो चालत नाही, आणि सायबरच्या पोर्टलवर तक्रार. हे काम तिच्यावर सोडू नका, तुम्ही बसा.

आबा_नंदुरबार

काय वाद घाली राहिनात रे भो. 😀 शिरपूरचं नाव निघालं म्हणून आठवलं. स्मिता पाटील शिरपूरच्या शिवाजीराव पाटलांची मुलगी, बाप मंत्री, आई सामाजिक कामातली, म्हणजे राजकारण घरातच. आणि ती पिक्चरमध्ये यायच्या आधी मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचायची, जीन्सवर साडी गुंडाळून बसायची असं सांगतात. आमच्या वेळेस लोक म्हणायचे खान्देशची पोर दिल्लीपर्यंत दिसते.

काळा_मसाला

आबा, बातम्या वाचणं वेगळं आणि मत देणं वेगळं.

आबा_नंदुरबार

ते मला पण समजतं बाप्पा. मी एवढंच म्हणतो, तिला कोणी तोंड बंद ठेव म्हटलं नव्हतं, घर मागे होतं. या पोरीमागे कोण आहे? पदाधिकारी फोन उचलेल का रात्री?

तापीकाठ_शिरपूर

सगळ्यांना धन्यवाद, एवढं येईल असं वाटलं नव्हतं. कॅमेऱ्यामागे ताईंची ती पोस्ट तिला मोठ्याने वाचून दाखवली. ऑस्करच्या स्टेजपर्यंत ऐकलं आणि मग म्हणाली ती अमेरिका आहे, इथे लोक दोन दिवसात विसरतात. पण क्लिप शोधून बघितली तिने, दोनदा.

वकील साहेबांनी सांगितलं तसं त्या पदाधिकाऱ्याला कागदाचं विचारलं, तर तो म्हणाला आपल्यात कशाला कागद, ताई तू घरची आहेस. मग हिनेच त्याला विचारलं की पुढचा व्हिडिओ केळीच्या पीक विम्यावर करू का, आमच्या ओळखीतल्या बऱ्याच लोकांचे पैसे अडकलेत. तो म्हणाला कर ना, पण निवडणूक होऊन जाऊ दे, आणि सध्या जो विषय पाठवलाय तो कर. तो विषय म्हणजे समोरच्या पक्षातल्या एका बाईच्या घरातलं भांडण.

तिथे जरा गाडी अडली तिची. नाही म्हणालेली नाहीये अजून, पैशाची गरज पण आहे, घराचं प्लास्टर बाकी आहे. आणि ज्याच्या चॅनलवर ती काम करते त्याचा पण निरोप आला की दोन्हीकडची गावं आपले प्रेक्षक आहेत, राजकारण चालू ठेवलं तर पुढच्या सिरीजमध्ये सासू दुसरी घेऊ. म्हणजे इकडूनही दाबणं आहेच.

कॅमेऱ्यामागे

चॅनलवाल्याला विचारा दुसऱ्या सासूला तो कापसाचा व्हिडिओ जमला असता का. दादा, एक व्यवहाराचं सांगते, स्वतःच्या नावाचं चॅनल काढा आणि त्याचा ईमेल-पासवर्ड तिच्याकडेच ठेवा, मॅनेजर, भाऊ, पदाधिकारी कोणाकडे नाही, तुमच्याकडे पण नाही. आत्ता तिच्याकडे स्वतःचं काहीच नाहीये, एकीकडे दिवसाची मजुरी आणि दुसरीकडे महिन्याची. विम्याचा व्हिडिओ तिथून टाकू दे, निवडणुकीच्या आधी. एडिटिंग मी करून देते, पैसे नको.

केळीबाग_रावेर

विम्याचे कागद पाहिजे असतील तर माझ्याकडे आहेत, कंपनीला केलेल्या तक्रारीचे नंबर पण आहेत. मेसेज करा.

कोर्ट_गल्ली_धुळे

कागद द्याल तेव्हा शेतकऱ्यांचे आधार आणि खाते नंबर झाकून द्या. लोक हे विसरतात आणि मग तीच केस होते.

काळा_मसाला

सगळं ठीक आहे पण व्हिडिओची लिंक टाक ना भो, आधी बघू तर दे काय बोलली ती.

तापीकाठ_शिरपूर

लिंक नाही टाकणार. केळीबाग भाऊ, मेसेज केलाय, बघा.